नायलॉनच्या दोराचा डोळा ओढ बसली की का सुटतो?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, कारण त्यात दोन-तीन गोष्टी एकात एक अडकल्यात. तुमच्याकडे १६ एमएमचा तीन पेडी नायलॉनचा दोर आहे, छोटी बोट बांधून ठेवायला. व्हिडिओ बघून टोकाला डोळा केलात, म्हणजे आय स्प्लाइस, तीन टक घातले (टक म्हणजे मोकळा केलेला पेड मूळ दोराच्या पेडाखालून घालणं), उरलेली टोकं दोराला अगदी चिकटून कापली आणि लायटरने वितळवली, दिसायला एकदम मस्त झालं. मग दोन दिवस वाऱ्यात बोट हिसके देत राहिली तशी टोकं आत आत सरकायला लागली आणि एक पेड सुटलाच. आता तुम्ही विचारताय की टक अजून घट्ट कसे ओढायचे, का सरळ बोलाइनची गाठ, म्हणजे न आवळणाऱ्या फासाची गाठ, मारून मोकळं व्हायचं. वर अजून एक, दुसरा एक दोर मधेच झिजलाय, तो पुलीतून जातो, तो जोडता येईल का.

तर पहिलं म्हणजे प्रश्न घट्ट ओढण्याचा नाहीच. हाताने कितीही आवळा, बोटीच्या ओढीपुढे ते काहीच नाही. स्प्लाइस धरतो तो दोरावर ओढ आल्यावर. मूळ दोराचे पेड ओढीने एकमेकांवर आवळले जातात आणि त्यांच्या खालून घातलेल्या पेडाला चिमटतात, हा चिमटा किती ठिकाणी बसतो, ज्याला चिमटायचं तो धागा किती गुळगुळीत आहे, आणि तो पेड गोल-भरीव राहिलाय का चपटा झालाय, या तीन गोष्टींवर सगळा खेळ. तुमच्या डोळ्यात मला वाटतं तिन्ही ठिकाणी थोडं थोडं कमी पडलंय.

तीन टकांचं आधी सांगतो, कारण ही चूक मी स्वतः केलीये. मी शिकलो ते मनिलाच्या, म्हणजे झाडाच्या तंतूंच्या, दोरावर, आणि तिथे तीन पूर्ण टक म्हणजे पुरेसं, कारण तो धागा खरखरीत असतो, तंतू एकमेकांत रुततात. तेच डोक्यात ठेवून पहिल्यांदा नायलॉन हातात आला तेव्हा तीन टक घालून मोकळा झालो, दुसरी बोट ओढून आणायला तो दोर वापरला आणि परत आल्यावर बघतो तर सोडलेली बोटभर टोकं नखाएवढी उरलेली. सुटला नाही हे नशीब. आमचे उस्ताद काही बोलले नाहीत, फक्त टोच्या, म्हणजे पेड उचलायचा टोकदार दांडा, हातात दिला आणि म्हणाले, सोड आणि परत कर. तेव्हापासून नायलॉन, पॉलिएस्टर, पॉलिप्रॉपिलीन काहीही असो, पाच पूर्ण टकांच्या खाली मी जात नाही. पूर्ण टक म्हणजे तिन्ही पेड प्रत्येकी एकदा खालून गेले की एक, एक पेड एकदा गेला म्हणजे एक टक असं मोजू नका, बरेच जण तसं मोजतात आणि मग पाच म्हणता म्हणता दोनच्याही आत असतात.

नायलॉनला अजून एक खोड आहे, तो खूप ताणतो. तुटायच्या आधी साधारण ३० टक्क्यांहून जास्त लांब होतो, पॉलिएस्टर त्या मानाने बराच कमी ताणतो. ताणला की बारीक होतो, ओढ गेली की परत फुगतो, आणि बोट बांधलेल्या दोराला हेच दिवसभर चालू असतं, ताण-सोड, ताण-सोड. प्रत्येक वेळी पेडाचं टोक जरासं आत ओढलं जातं. त्यामुळे एकदा जोरात ओढून बघितला, धरला, म्हणजे झालं असं नाही. हिसके बसणारं काम असेल तर पाचाच्या पुढे सहावा टक घालायला लागतो किती वेळ, पाच मिनिटं.

आता पीळ. सुंभ जळाला तरी पीळ जळत नाही म्हणतात, पण ते सुंभाचं झालं, नायलॉनचा पेड दोरातून मोकळा केला की त्याचा पीळ जायला दोन मिनिटं लागत नाहीत. आणि पीळ गेलेला पेड म्हणजे नुसती धाग्यांची झुपकी, ती टकाखाली चपटी पसरते, तिच्यावर चिमटा नीट बसत नाही, काही धाग्यांवर सगळा भार येतो आणि बाकीचे आरामात. तुमच्या वर्णनात ‘पेड सारखे फिस्कटत होते’ असं आहे, तिथेच मला शंका आली. म्हणून पेड मोकळे करायच्या आधीच, जिथपर्यंत उलगडायचंय तिथे दोऱ्याने घट्ट बांधून घ्या, मी कन्स्ट्रिक्टर नॉट वापरतो, नसेल येत तर टेपचे चार वेढे. मग दोराचं टोक उलगडून तिन्ही पेड वेगळे करा आणि लगेच प्रत्येकाच्या टोकाला टेप गुंडाळा, टेप पेन्सिलीसारखी निमुळती करा म्हणजे टकाखाली घुसायला सोपी जाते. टोक वितळवायचं तर टेपच्या आधी, आणि वितळलेला नायलॉन बोटाने दाबायला जाऊ नका, कातडीला चिकटून जळतो, हे पण अनुभवाचे बोल.

उलगडायचं किती? १६ एमएमला पाच टक आणि वर निमुळता भाग धरून मी ४५ सेंटीमीटर घेतो, म्हणजे जाडीच्या अठ्ठावीस पट. काटकसर करून ३० घेतलंत तर शेवटचे टक ओढायला हातात काही उरत नाही आणि मग माणूस एक टक कमी घालून मोकळा होतो. उरलेलं कापता येतं, कमी पडलेलं वाढवता येत नाही.

पहिली फेरी हीच खरी. पुढच्या सगळ्या फेऱ्या पहिलीची नक्कल असतात, त्यामुळे इथे चुकलं की पुढे सगळं वाकडंच जातं. नेहमीचा दोर उजव्या पिळाचा असतो, उभा धरला की पेड डावीकडे खालून उजवीकडे वर चढताना दिसतात. डोळा तयार करून दोर समोर ठेवा, डोळा तुमच्याकडे आणि मूळ दोर पुढे लांब जाणारा. तीन पेडांपैकी मधला घ्या, टोच्याने मूळ दोराचा एक पेड उचला आणि मधला त्याखालून उजवीकडून डावीकडे घाला, म्हणजे पिळाच्या विरुद्ध. मग डावा पेड घ्या, मधला जिथून बाहेर आला तिथूनच तो आत शिरणार, पण त्याच्या डावीकडच्या पुढच्या पेडाखाली. इथवर सगळ्यांचं जमतं.

आता दोर उलटा करा. तिसरा पेड राहिलाय आणि मूळ दोराचा एकच पेड राहिलाय ज्याखाली कोणी गेलेलं नाही. तिसरा त्याच्याखाली घालायचा, पण तोही उजवीकडून डावीकडेच. दोर उलटा केल्यामुळे डोकं गरगरतं आणि दहातले आठ जण तो डावीकडून उजवीकडे घालतात, कारण हाताला ते सोपं वाटतं, पेड तसा तिथेच लोंबत असतो. मी तर शिकवताना समोरच्याला मुद्दाम एकदा चुकू देतो, मग परत चुकत नाही. तपासायची रीत सोपी आहे: तिन्ही पेड घालून झाल्यावर मूळ दोर गोल फिरवून बघा, तीन फटींतून तीन पेड, एका फटीतून एकच, आणि तिन्ही एकाच उंचीवर बाहेर आलेले दिसले पाहिजेत. एका फटीतून दोन निघाले, किंवा एखादी फट रिकामी राहिली, तर पुढे जाऊ नका, उलगडा. तुम्ही म्हणताय एकच पेड सुटला आणि बाकीचे दोन नुसते सरकले, हे तिसऱ्या पेडाच्या चुकीचं ठरलेलं लक्षण आहे, मी बघितलेलं नाही त्यामुळे छातीठोक सांगत नाही, पण पैज लावायची तर त्याच्यावर लावीन.

बरोबर असेल तर तिन्ही पेड एकेक करून ओढून घ्या, डोळ्याच्या दिशेने ओढायचे, म्हणजे टक बुडाशी बसतात. बाजूला आडवं ओढलं तर मूळ दोराचा पेड बाहेर खेचला जातो आणि तिथे कुबड येतं.

दुसऱ्या फेरीपासून एकच नियम, शेजारच्या एकावरून, त्याच्या पुढच्या एकाखालून, कायम पिळाच्या विरुद्ध. प्रत्येक वेळी पेड खालून ओढण्याआधी त्याला त्याच्या स्वतःच्या पिळाच्या दिशेने थोडा वळ द्या (पेडाचा पीळ दोराच्या पिळाच्या उलटा असतो, बघा नीट), म्हणजे तो गोल राहून बसतो. सुरुवातीला हे फार किचकट वाटतं, नंतर अंगठा आपोआप करतो. एक फेरी संपली की ती पूर्ण आवळून मगच पुढची, तीन फेऱ्या ढिल्या घालून एकदम ओढू म्हटलं तर आतले ढिलेच राहतात आणि बाहेरून कळत नाही.

टोच्याबद्दल एक. स्क्रूड्रायव्हरने चालवता येतं पण त्याची धार धागे कापते, टोक घासून गोल केलेलं असेल तर ठीक. लाकडी फिड, म्हणजे लाकडाचा निमुळता टोच्या, असेल तर नायलॉनला फारच चांगलं. मूळ दोर मोकळा करायला तो दोन्ही हातांनी पिळाच्या उलट फिरवा, फटी आपोआप उघडतात, टोच्या नुसता फट धरून ठेवायला.

पाच टक झाले की निमुळतं करायचं. प्रत्येक पेडाचे खालच्या बाजूचे एक तृतीयांश धागे कापा, एक फेरी घाला, उरलेल्यातले निम्मे कापा, अजून एक फेरी. हे दिसायला छान म्हणून नाही, जाड स्प्लाइस जिथे एकदम संपतो तिथे दोर ताठरचा अचानक लवचीक होतो आणि नेमका तिथेच वाकून वाकून तुटतो, निमुळतं केलं की तो बदल हळूहळू होतो. पण हे दोन टक पाचांत धरायचे नाहीत, पाच पूर्ण जाडीचे वेगळे आणि हे वर. मग सगळा स्प्लाइस पायाखाली घेऊन जमिनीवर घोळवायचा, पेड आपापल्या जागी बसतात.

आणि टोकं! दोराला चिकटून कापू नका हो. निदान दोराच्या जाडीएवढं टोक बाहेर ठेवा, नवीन नायलॉनला मी त्याहून जास्तच ठेवतो, पहिल्या खऱ्या ओढीनंतर ते आत जातं, मग दोन-चार वेळा वापरून झाल्यावर हवं तर छाटा. तुमचे तीन टक होते आणि टोक शून्य, म्हणजे पहिला धागा सरकला तेव्हाच तिसरा टक गेला, उरले दोन.

गाठ का नाही, याचं उत्तर ‘गाठ वाईट’ असं नाहीये. गाठीत दोर कडक वळण घेतो, बाहेरच्या धाग्यांवर सगळा ताण येतो, त्यामुळे बोलाइन मारलेल्या दोराची ताकद साधारण ६० ते ७० टक्के उरते, चांगल्या स्प्लाइसची ९० च्या आसपास. पण बोलाइन दहा सेकंदात मारता येते, सोडता येते, आणि बघितल्या बघितल्या बरोबर आहे का चूक ते कळतं. एका रात्रीपुरती बोट बांधायची, दोर मुळात गरजेपेक्षा जाड आहे, तर खुशाल बोलाइन मारा, टोक लांब ठेवा. स्प्लाइस तिथे, जिथे डोळा कायमचा हवाय. बोलाइनला ओढ नसताना हलत राहिलं की ढिली व्हायची सवय आहे, आणि बोट तर हेच करते. वाईट स्प्लाइसपेक्षा मात्र चांगली बोलाइन केव्हाही परवडली.

डोळ्याचा आकार कोणी विचारत नाही, मी न विचारता सांगतो. ज्या खुंटावर अडकवायचा त्याच्या व्यासाच्या निदान तिप्पट डोळ्याची लांबी हवी, पाचपट असेल तर उत्तम. लहान डोळा मोठ्या खुंटावर कोंबला की त्याचे दोन पाय फाकतात आणि स्प्लाइसच्या घशाशी, जिथे पहिला टक आहे, तिथे पेड बाजूला फाडल्यासारखे ओढले जातात. साखळी किंवा शॅकलला (खिळीने बंद होणारी धातूची कडी) लावायचा असेल तर थिंबल, म्हणजे डोळ्याच्या आत बसणारं खाचेचं कडं, घालून स्प्लाइस त्याच्याभोवती घट्ट बसवा. नायलॉन ताणला की थिंबल सैल होऊन आडवं पडतं, त्यामुळे घशाशी दाभणाने मजबूत दोरा घालून बांधून घ्या.

आता तो झिजलेला दोर. आधी त्याचा पीळ उघडून आत बघा. बाहेरून एकाच जागी घासलाय आणि आत धागे चकचकीत असतील तर तेवढा भाग कापून बाकीचा दोर कामाचा आहे. आत भुकटी, वाळूचे कण, तुटके बारीक तंतू दिसले तर दोर आतूनच खाल्लाय, तो जोडून काही होणार नाही, दुसऱ्या जागी तोच प्रकार होईल.

जोडायचाच तर सरळ मार्ग शॉर्ट स्प्लाइस, दोन्ही टोकांचे पेड एकाआड एक एकमेकांत घालून समोरासमोर घट्ट भिडवायचे आणि दोन्ही बाजूंना पाच-पाच टक, म्हणजे दहा. मजबूत होतो, पण तिथे दोर खूप जाड होतो, पुलीच्या खाचेत अडकतो किंवा कडेला घासतो. पुलीसाठी म्हणून लाँग स्प्लाइस असतो, त्यात एका बाजूचा एक पेड काढत त्याच जागी दुसऱ्या बाजूचा पेड बसवत लांबवर नेतात, जाडी जवळजवळ वाढत नाही, पण ताकद शॉर्टपेक्षा कमी आणि दोरही खूप जातो. मनिलाला तो शोभतो. गुळगुळीत नायलॉनला पुलीवर, भाराखाली, मी लाँग स्प्लाइस करत नाही, इतरांनी केलेला असला तरी मला त्याखाली उभं राहायला आवडत नाही. नवीन दोर घ्या, जुन्याचे दोन तुकडे छोट्या कामांना लावा.

हे सगळं तीन पेडी दोराचं, हे विसरू नका, कारण पुढचा दोर तुम्ही कदाचित विणलेला घ्याल आणि हेच तिथे करायला जाल. आठ पेडी चौकोनी विणीच्या दोरात चार जोड्या असतात, दोन डाव्या पिळाच्या, दोन उजव्या, तिथे जोडीने आणि पिळाला पीळ जुळवून टक घालावे लागतात. आतला गाभा आणि बाहेरचं कव्हर असा दुहेरी विणीचा दोर असेल तर टक हा प्रकारच नाही, कव्हर गाभ्यात आणि गाभा कव्हरमध्ये घालतात, मापं काटेकोर, आणि दोर नवा हवा, जुना वापरलेला असेल तर वीण एवढी आवळलेली असते की कव्हर मागे सरकतच नाही, मी तासभर झटापट करून सोडून दिलेले दोर आहेत. डायनिमासारख्या फार मजबूत कृत्रिम धाग्याचा, बारा पेडी पोकळ विणीचा असेल तर टोक दोराच्या पोटातच घालायचं, ओढ आली की बाहेरची वीण आवळते आणि आतलं टोक धरते. तिथे आत घालायची लांबी जाडीच्या ७२ पट धरतात, ८ एमएमला साधारण ५८ सेंटीमीटर, टोक निमुळतं करून, आणि वरून शिवण, कारण ओढ नसताना ते तसंच बाहेर सरकू शकतं. तो धागा इतका निसरडा की साधी गाठ ओढीखाली सरळ निसटू शकते, आणि १५० अंश सेल्सिअसच्या आसपास वितळतो, त्यामुळे घर्षणाची गरमी पण बघावी लागते.

परिस्थितीवर काय अवलंबून आहे तेही सांगून टाकतो. माणूस लटकणार असेल, किंवा डोक्यावरून वजन उचलायचं असेल, तर घरी शिकून केलेला स्प्लाइस वापरू नका, माझा सुद्धा नको, तपासलेला आणि भाराचा शिक्का असलेला घ्या. बोट, तंबू, सामान बांधणं याला चालतं, तिथेही रोजचा भार दोराच्या तुटण्याच्या ताकदीच्या पाचव्या ते बाराव्या हिश्श्यात ठेवतात, हिसके जास्त तितका हिस्सा लहान. नायलॉन ओला झाला की १० ते १५ टक्के ताकद तशीच जाते, बोटीवर तो ओलाच असणार.

तर तुमच्यासाठी: सुटलेला भाग कापून टाका, त्या पेडांचा पीळ गेलाय, ते परत वापरू नका. ताजं ४५ सेंटीमीटर उलगडा, पहिली फेरी फिरवून तपासा, पाच पूर्ण, दोन निमुळते, टोकं बाहेर ठेवा. टोकं जिथे बाहेर येतात तिथे प्रत्येकावर मार्करने रेघ मारा. मग बोट बांधण्याआधी दोर एखाद्या पक्क्या खुंटाला लावून चार-पाच वेळा हळूहळू ओढ द्या, विंच असेल तर उत्तम, आणि दोराच्या सरळ रेषेत कोणी उभं राहू नका, ताणलेला नायलॉन सुटला की चाबकासारखा मागे येतो. रेघ जरा आत गेली तर ते बसणं आहे, पहिल्या दोन-तीन ओढींत जाते आणि थांबते. चौथ्या-पाचव्या ओढीलाही जातच असेल तर उलगडून तिसरा पेड बघा.